लोकरीच्या पुंजक्याइतकी किंमत

१७४१ साली विल्यम शेनस्टन या इंग्रज कवीनं एका पत्रात ओळखीतल्या एका माणसाबद्दल लिहिलं, की मला तो आवडायचा तो दुसऱ्या कशापेक्षाही पैशाच्या बाबतीतल्या त्याच्या फ्लॉक्सी-नॉसी-निहिली-पिली-फिकेशनमुळे. शब्दाचे तुकडे त्यानं जोडरेघांनी सुटे दाखवले होते. त्याची पत्रं तो गेल्यावर, १७६९ मध्ये छापली गेली. या शब्दाचा याहून जुना लेखी वापर कोशकारांना मिळालेला नाही.

आज हा शब्द ओळखला जातो तो लांबीमुळे. इंग्रजीत त्याची २९ अक्षरं होतात. त्यांत नऊ वेळा ‘आय’ येतो आणि ‘ई’ एकदाही येत नाही. प्रश्नमंजूषेत तो विचारतात, हुशार मुलं एका दमात म्हणून दाखवतात, आणि टाळ्या पडल्या की विषय संपतो. अर्थ साधा आहे: एखादी गोष्ट क्षुद्र, कवडीमोल ठरवण्याची क्रिया, किंवा तशी सवय. मला या शब्दाची ओढ वाटते ती शेनस्टनच्या त्या वाक्यामुळे. इतका तुच्छतेनं भरलेला शब्द पहिल्यांदा कागदावर उतरला तो कुणाचं तरी कौतुक करताना, प्रेमानं. आणि पुढे त्याचं जे झालं, ते पाहून वाईट वाटतं. त्या दोन्हींबद्दल लिहायचं आहे.

शब्द शाळेत जन्मला. सोळाव्या शतकात आठव्या हेन्रीनं विल्यम लिलीचं लॅटिन व्याकरण शाळांना नेमून दिलं. पुढच्या कित्येक पिढ्या त्यावर वाढल्या, आणि ईटनच्या शाळेचं पुढे गाजलेलं व्याकरणही त्यातूनच आलं. त्यात षष्ठी विभक्तीचा एक नियम होता. किंमत करणे, तोलणे, लेखणे अशा क्रियापदांबरोबर काही ठरावीक शब्द षष्ठीत येतात, आणि ते शब्द मुलांनी ओळीनं घोकायचे: फ्लॉकी, नॉकी, निहिली, पिली, आसिस, हूयुस, तेरुंकिई. लोकरीच्या पुंजक्याची, अक्रोडाच्या टरफलाची, शून्याची, केसाची, एका आसची, याची, पाव आसची. आस हे रोमन लोकांचं आधी काशाचं, पुढे तांब्याचं नाणं. ‘याची’ हा शब्द बोलणारा हातानं काहीतरी खूण करून म्हणत असणार, असं टीकाकार सांगतात. आपणही चिमूट दाखवून ‘एवढीसुद्धा किंमत नाही’ म्हणतो, तसंच ते. ‘मी त्याला लोकरीच्या पुंजक्याचा तोलतो’ हे त्या नियमाखालचं उदाहरण. कुणीतरी त्या यादीतले पहिले चार शब्द उचलले, पुढे ‘करणे’ या अर्थाचा लॅटिन प्रत्यय लावला, आणि एक प्रचंड नाम तयार झालं. हा शब्द कुणी केला याची नोंद नाही. घोकून तोंड दुखलेल्या मुलांपैकीच कुणी असावा, असं मला वाटतं.

लॅटिन कवींनी ही षष्ठी सढळ हातानं वापरली आहे. कॅटलस एका प्रांताधिकाऱ्याच्या लवाजम्यात बिथिनियाला गेला आणि रिकाम्या हातानं परतला. त्या साहेबाला हाताखालच्या माणसांची केसाइतकी किंमत नव्हती, असं तो चिडून सांगतो. तोच कॅटलस प्रेयसीला म्हणतो, की कडक म्हाताऱ्यांची सगळी कुजबुज आपण एका आसच्या मोलाची धरू. तोलण्याची भाषा दोन्हीकडे तीच आहे. एकीकडे वरच्या माणसानं खालच्यांना हलकं तोललं आहे, दुसरीकडे दोन प्रेमिकांनी लोकापवादाला. पहिलं वाचताना राग येतो आणि दुसरं वाचताना आनंद होतो.

हे वाचत असताना मला पाणिनीचं एक सूत्र आठवलं, आणि त्या दिवशी बाकी काही काम झालं नाही. ‘मन्यकर्मण्यनादरे विभाषाऽप्राणिषु’. दुसऱ्या अध्यायाच्या तिसऱ्या पादातलं सतरावं सूत्र. ‘मन्’ म्हणजे मानणे. त्याचं कर्म एरवी द्वितीयेत येतं. पण बोलण्यात अनादर असेल आणि ते कर्म निर्जीव वस्तू असेल, तर चतुर्थीही चालते. पाणिनीच्या सूत्रांवरची जुनी टीका काशिकावृत्ती, तिच्यातलं उदाहरण: ‘न त्वा तृणं मन्ये’ किंवा ‘न त्वा तृणाय मन्ये’. मी तुला गवताची काडीदेखील मानत नाही. पुढचं उदाहरण भुसाचं आहे, ‘न त्वा बुसाय मन्ये’. म्हणजे लॅटिन घोकणारी मुलं षष्ठीतून तुच्छता शिकत होती, आणि आपल्याकडची मुलं चतुर्थीतून. एकीकडे लोकर आणि केस, दुसरीकडे काडी आणि भूस.

या सूत्रावर वार्तिककार, म्हणजे पाणिनीच्या सूत्रांना दुरुस्त्या आणि पुरवण्या जोडणारा व्याकरणकार, थांबत नाही. ‘निर्जीव’ ही अट त्याला पटत नाही. तो म्हणतो, ती अट काढा आणि होडी, कावळा, अन्न, पोपट, कोल्हा एवढे शब्द वगळा असं म्हणा. कारण लोक ‘न त्वा शुने मन्ये’ असं म्हणतात. मी तुला कुत्रादेखील मानत नाही. कुत्रा सजीव आहे, तरी चतुर्थी होते. उलट होडी आणि अन्न निर्जीव असूनही तिथे चतुर्थी होत नाही. मला ही यादी फार आवडते. दोन हजारांहून अधिक वर्षांपूर्वी एक विद्वान लोकांच्या शिव्या कान देऊन ऐकतो आहे. कोणत्या शिवीला कोणती विभक्ती लागते हे टिपतो आहे. आणि मोठ्या आचार्यांचा नियम त्या ऐकलेल्यापुढे कमी पडतो, असं सांगतो आहे.

पण सूत्रातला खरा शब्द ‘अनादरे’ हा आहे. गवताची काडी दोन्ही वाक्यांत तीच आहे. ज्याला ती लावली तो माणूसही तोच. चतुर्थी येते ती बोलणाऱ्याच्या मनातल्या अनादरामुळे. पाणिनीनं क्षुद्रता वस्तूत शोधली नाही, बोलणाऱ्याच्या मनात शोधली. इंग्रजी शब्दाचा शेवटचा प्रत्ययही तेच सांगतो: हे कुणीतरी केलेलं आहे.

त्या चार लॅटिन वस्तूंकडे जरा नीट पाहावंसं वाटतं, कारण त्यांतल्या तिघींना पुढे मान मिळाला. ‘निहिल’ म्हणजे काही नाही. प्राचीन रोमन कोशकार फेस्टुस सांगतो, की हा शब्द ‘न’ आणि ‘हिलुम’ मिळून झाला, आणि हिलुम म्हणजे घेवड्याच्या जातीच्या दाण्याला चिकटलेलं जे इवलंसं काही असतं ते. वनस्पतिशास्त्रानं तोच शब्द उचलला. चवळीचा दाणा हातात घ्या. काळ्या डोळ्याच्या मधोमध एक पांढरट खूण दिसते, ती हायलम. दाणा शेंगेत असताना तो तिथे जोडलेला होता, झाडाकडून त्याला जे मिळालं ते त्या वाटेनं मिळालं. बाळाच्या बेंबीचं आणि नाळेचं जे नातं, तेच इथे. डॉक्टरही हा शब्द वापरतात. फुप्फुसात आणि मूत्रपिंडात रक्तवाहिन्या जिथून शिरतात ती जागा म्हणजे हायलम. ज्याला रोमन लोक ‘शून्याहून किंचित जास्त’ म्हणत, ती जागा जगण्याची निघाली.

फ्लॉकस म्हणजे लोकरीचा पुंजका. गढूळ पाण्यात तुरटी फिरवली, की बारीक कण एकमेकांना धरून हलके पुंजके बनतात आणि खाली बसतात. जलशुद्धीकरणात या क्रियेला फ्लॉक्युलेशन म्हणतात, आणि ते नाव याच पुंजक्यावरून आलं. नळाला येणाऱ्या स्वच्छ पाण्यामागे ते असतं. आकाशातल्या पिंजलेल्या कापसासारख्या एका प्रकारच्या ढगांनाही हवामानशास्त्रज्ञ फ्लॉकस म्हणतात. ‘पिलुस’ म्हणजे केस. जिवाणूंच्या अंगावरच्या सूक्ष्म केसांना पिली म्हणतात, आणि त्यांच्यातल्या काहींच्या मदतीनं एक जिवाणू दुसऱ्याला जनुकं देतो. अक्रोडाच्या टरफलाचं मात्र अजून काही झालेलं दिसत नाही. ‘नॉकुम’ म्हणजे नक्की काय, टरफल की आतला पडदा, यावर रोमन लोकांचंच एकमत नव्हतं.

आपल्या भाषेत तुच्छता बोलायची तर बहुतेक शब्द बाजारातून आणि चोपडीतून येतात. तुच्छ लेखणे, यातलं लेखणे हिशेबाचं आहे. जमेस न धरणे, हिशेबात न धरणे, गणतीत नसणे, मोजत नाही, भाव देत नाही, किंमत देत नाही. माणूस दीडदमडीचा असतो, त्याच्याजवळ छदाम नसतो, त्याच्या शब्दाला फुटक्या कवडीची किंमत नसते. कवडीचंच घ्या. मालदीवच्या समुद्रातून निघालेली कवडी बंगालमध्ये एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत रोजच्या व्यवहारातलं चलन होती. शेनस्टन ते पत्र लिहीत होता त्या काळात युरोपीय जहाजं कवड्यांचे ढीग पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावर नेत होती, आणि तिथे त्यांच्या बदल्यात माणसं विकत घेतली जात होती. ‘कवडीमोल’ हा शब्द मी सहज वापरायचे. हे कळल्यापासून तो उच्चारताना जीभ थबकते. आसची गोष्टही अशीच. सुरुवातीला एक आस म्हणजे रोमन रत्तलभर, सव्वातीनशे ग्रॅमच्या आसपास काशाचं जाडजूड नाणं होतं. लढाया झाल्या, तिजोऱ्या रिकाम्या झाल्या, वजन घटत गेलं, आणि कॅटलसच्या काळापर्यंत त्याचं नाव कवितेत तुच्छतेसाठी वापरण्याइतकं ते हलकं झालं होतं.

आता शेनस्टनकडे. तो १७१४ साली जन्मला, ऑक्सफर्डच्या पेम्ब्रोक कॉलेजात शिकला, पदवी न घेताच परतला. बर्मिंगहॅमजवळच्या हेल्सोवेनला त्याच्या घराण्याची लेझोज नावाची शेतजमीन होती. १७४० च्या दशकात ती त्याच्या ताब्यात आली, आणि उरलेलं आयुष्य त्यानं तिला देऊन टाकलं. ओढ्याला वळणं दिली, धबधबे केले, पायवाटा आखल्या, जागोजागी बाकं ठेवली, मित्रांच्या आणि कवींच्या आठवणीसाठी कोरीव कलश उभे केले. व्हर्जिलच्या नावानं एक राई केली. गुरं चरतील आणि डोळेही निवतील, अशी शेती आणि बाग एकत्र. लांबून लोक पाहायला येऊ लागले. त्यासाठी पैसा हवा होता, आणि तो त्याच्याकडे बेताचा होता.

त्याच पेम्ब्रोक कॉलेजातून त्याच्या थोडा आधी सॅम्युअल जॉन्सन गेला होता. जॉन्सननं पुढे इंग्रज कवींची चरित्रं लिहिली, त्यात शेनस्टनलाही जागा दिली. पाऊस आला की घराच्या फुटक्या छपरातून पाणी आत येऊन जमीन भिजायची, पण दुरुस्तीला पैसे निघत नसत, असं तो लिहितो. पुढे पैसे मागायला त्याच्या दारात येणारी माणसं वाढली. त्यांच्या कलकलाटात कोकरांचं ओरडणं आणि पाखरांची गाणी बुडून गेली, हेही त्याचंच. पायवाट वळणदार आखायला मोठी बुद्धी लागते का, असा प्रश्न विचारून उत्तर द्यायचं तो टाळतो. म्हणजे ज्या कामात एका माणसानं आयुष्य घातलं, त्याला जॉन्सननं केसाइतकं तोललं. जॉन्सनबद्दल मला आदर आहे. पोटापाण्यासाठी लेखणी झिजवलेल्या माणसाला छप्पर गळत असताना कलश कोरून घेणं पटणार नाही, हेही समजतं. तरी इथे मी शेनस्टनच्या बाजूनं आहे. त्याची जागा अजून आहे. इंग्लंडच्या ऐतिहासिक उद्यानांच्या नोंदीत तिला पहिल्या श्रेणीचं स्थान आहे, आणि तिथे लोक फिरायला जातात. एखाद्या माणसानं काय फुकट घालवलं हे ठरवायला त्याच्या मरणानंतर वीसेक वर्षं म्हणजे घाई होते.

वॉल्टर स्कॉट या स्कॉटिश कादंबरीकारानं हा शब्द १८ मार्च १८२९ च्या रोजनिशीत लिहिला. लिहिताना ‘नॉसी’च्या जागी ‘पॉसी’ आलं. बाहेरच्या देहाला सुखावणाऱ्या सगळ्या गोष्टींची तुच्छता, असा त्याचा संदर्भ आहे. त्याची तेव्हाची परिस्थिती लक्षात घेतली की हे वाक्य नुसती शब्दांची गंमत राहत नाही. १८२६ साली त्याचे छापखानेवाले आणि प्रकाशक बुडाले, आणि त्याच्यावर १ लाख २० हजार पौंडांच्या आसपास देणं आलं. दिवाळं काढून सुटता आलं असतं. त्यानं तसं केलं नाही, लिहून फेडीन म्हणाला, आणि १८३२ मध्ये मरेपर्यंत लिहीत राहिला. सुखाला लोकरीचा पुंजका म्हणणारा हा माणूस दुसऱ्यांच्या पैशाची पैन् पै मोजत होता.

इथे मला माझे थोरले काका आठवतात. तालुक्याच्या गावी शाळेत शिक्षक होते. पगार हातात आला की वाटेतच अर्धा संपायचा. कुणाच्या मुलाची फी, कुणाच्या घरचं औषध, कुणाला मुंबईला मुलाखतीला जायचं म्हणून एसटीचं भाडं. कुठे लिहून ठेवणं नाही. कुणी परत द्यायला आलं तर ‘असू दे रे, पुढच्याला दे’ म्हणायचे. आमच्या घरात त्यांच्यासाठी एकच शब्द होता, व्यवहारशून्य. आजोबा तो रागानं उच्चारत, माझे वडील हसून, पण उच्चारत सगळेच. काकांना त्याचं काही वाटत नसे. शेनस्टनचं ते वाक्य पहिल्यांदा वाचलं तेव्हा डोळ्यांसमोर तेच आले. त्यांच्यात मला जे आवडायचं त्याला कुणीतरी अडीचशे वर्षांपूर्वी नाव देऊन ठेवलं होतं. ते गेले तेव्हा तेराव्याला ओळखीपाळखीचे नसलेले इतके लोक आले, की मांडव कमी पडला. एकेक जण उभा राहून सांगत होता, सरांनी माझी फी भरली.

काकू त्या दिवशी सगळ्यांना चहा देत होती. बऱ्याच दिवसांनी, निवांत बसलो असताना मी तिला शेनस्टनचं वाक्य मराठीत करून सांगितलं. तिनं ऐकून घेतलं. म्हणाली, ‘बरोबर आहे. यांना पैशाचं काही नव्हतंच. मला होतं गं. महिन्याच्या वीस तारखेनंतर वाण्याकडे मी जायचे, हे नाही.’ आणि मग पाटल्यांचं सांगितलं. ताईच्या, म्हणजे माझ्या चुलतबहिणीच्या, कॉलेजच्या वेळी पैसे हवे होते. ते काकांनी त्याच आठवड्यात दुसऱ्या कुणाला देऊन टाकले होते. काकूनं माहेरच्या पाटल्या मोडल्या. राग नव्हता तिच्या आवाजात. काका थोर होते, हेही ती म्हणाली, आणि मनापासून म्हणाली.

तेव्हापासून मला तुकोबांची कर्जखतांची गोष्ट वेगळी दिसते. घराण्याची सावकारी होती. १६३० च्या सुमाराच्या दुष्काळात पहिली बायको अन्नावाचून गेली. पुढे त्यांनी लोकांकडून येणं असलेली खतं इंद्रायणीत बुडवली, असं परंपरा सांगते. लहानपणापासून एवढंच ऐकलं होतं. गोष्टीतला एक बारकावा मी मोठेपणी नीट वाचला: खतांचे आधी दोन वाटे झाले. धाकट्या भावाला, कान्होबाला, त्याचा वाटा दिला, आणि तुकोबांनी पाण्यात सोडला तो आपला. सोनं आणि माती सारखी मानणाऱ्या माणसानं भावाच्या मातीला हात लावला नाही. तरी घर चालवायचं जिजाईला होतंच, आणि तिच्या तक्रारी आपल्या परंपरेनं भांडखोर बायकोची बडबड म्हणून सांगितल्या. त्या तक्रारींना आपण काय भावानं तोललं, हा प्रश्न मला काकूनं दिला. काकांवरचं माझं प्रेम त्यानं कमी झालेलं नाही. पण शेनस्टनचं वाक्य वाचताना आता त्या पत्रातल्या अनाम माणसाच्या घरात आणखी कोण होतं, हे विचारावंसं वाटतं.

पैशाविरुद्ध उभा असलेला हा शब्द विसाव्या शतकाच्या अखेरीला राजकारणात गेला आणि तिथेच राहिला. १९९९ मध्ये अमेरिकी सिनेटच्या परराष्ट्र व्यवहार समितीचे अध्यक्ष जेसी हेल्म्स यांनी अणुचाचणीबंदी कराराबद्दलची आपली तुच्छता याच शब्दात सांगितली. त्या ऑक्टोबरात सिनेटनं करार फेटाळला. फेब्रुवारी २०१२ मध्ये जेकब रीस-मॉग, ईटनचेच विद्यार्थी, ब्रिटिश संसदेत म्हणाले, की आपल्या न्यायाधीशांबद्दल उद्धट बोलू नये हा नियम युरोपीय महासंघाच्या न्यायाधीशांना लागू नाही, तेव्हा मला त्यांचं फ्लॉक्सिनॉसिनिहिलिपिलिफिकेशन करू द्या. सभागृह हसलं. आपल्याकडे ऑक्टोबर २०१८ मध्ये शशी थरूर यांनी पंतप्रधानांवरच्या आपल्या पुस्तकाची घोषणा करताना हा शब्द वापरला, आणि एका दिवसात तो देशभर झाला. थरूरांचं म्हणणं, ४०० पानांचं हे पुस्तक म्हणजे नुसती ही क्रिया नाही. त्यांनी निदान नकारार्थी वापरला.

या सगळ्या ठिकाणी शब्द बरोबर वापरलेला आहे, कोशाप्रमाणे काटेकोर. पण तोलला जाणारा बदलला. आधी पैसा होता, देहाचं सुख होतं. आता करार, न्यायाधीश, विरोधक. स्वतःच्या खिशातल्या नाण्याला लोकरीचा पुंजका म्हणायला जे लागतं, ते समोरच्याला तसं म्हणायला लागत नाही. आणि शब्द इतका मोठा, इतका गमतीचा, की ज्याला तो लावला त्याचं काय झालं हे टाळ्यांत ऐकूच येत नाही.

मी वर्तमानपत्रात बातम्या तपासते. जिल्ह्यांतून येणाऱ्या मजकुरात वर्षातून काही वेळा एक मथळा हमखास असतो: कांदा कवडीमोल. कधी टोमॅटो, कधी कोथिंबीर. फेब्रुवारी २०२३ मध्ये सोलापूर जिल्ह्यातल्या एका शेतकऱ्याची बातमी देशभर गेली. त्यानं ५१२ किलो कांदा बाजारात नेला, किलोला एक रुपया भाव मिळाला. भाडं, हमाली, तोलाई वजा जाता दोन रुपये आणि काही पैसे उरले, आणि हाती पडला दोन रुपयांचा चेक, तोही पुढच्या तारखेचा. तो चेक मी बराच वेळ पाहत बसले होते. त्यावर दोन हा आकडा अक्षरांतही लिहिलेला होता.

‘कांदा कवडीमोल झाला’ असं आपण लिहितो. झाला. पाऊस झाला, उशीर झाला, तसा. वाक्यात करणारा कुणी नाही. पाणिनी ‘अनादरे’ म्हणून बोलणाऱ्याकडे बोट दाखवतो, तो इंग्रजी शब्दही आपल्या शेपटीत कर्ता सांभाळतो, आणि आमच्या मथळ्यात कांदा आपला आपणच कवडीचा होतो. निर्यातशुल्काचा निर्णय, साठवणुकीची सोय नसणं, एकाच आठवड्यात आलेली आवक, लिलावात न उठलेली दुसरी बोली, या सगळ्यांनी मिळून तो तसा केलेला असतो. त्यातलं काही कुणा एकाच्या हातात नसतं, काही नक्की असतं.

म्हणून अशी बातमी आली, की मी वार्ताहराला फोन करते. लिलावाला किती व्यापारी होते, पहिली बोली किती लागली, आणि ती वाढली का? भाडं किती, हमाली किती, तोलाई किती कापली? हिशेबपट्टीवर सही कुणाची आहे? काही जण वैतागतात, अंक जायची वेळ झालेली असते. पण बहुतेक वेळा शेतकऱ्याकडे ती पट्टी असते, खिशात घडी करून ठेवलेली, आणि तिच्यावर सगळे आकडे असतात. ते मिळाले की मथळ्यातला ‘कवडीमोल’ मी काढते, किलोमागे दिलेला भाव आणि कापलेली रक्कम लिहिते, आणि जागा असेल तर पट्टीचा फोटो लावते.